समुद्राकडे धरलेला हात

नौदलातले माझे किस्से बेस्ट या डच गावातल्या आमच्या मराठी मित्रांना पाठ आहेत. जेवताना कुणीतरी म्हणतंच, "झालं, दादा जहाजावर चढले." चढतोच मी. पण एका दिवसापाशी आलो, की ताटात आणखी भात वाढून घेतो — आणि विषय बदलतो. तो दिवस बायकोलासुद्धा माहीत नाही. तुम्हाला सांगतो.

आखातात युद्ध चालू होतं. आम्ही अरबी समुद्रात मित्रदेशांच्या जहाजांबरोबर संयुक्त सराव करत होतो. काय दिवस होते ते — मगातला गोडमिट्ट चहा, खारट झालेले ओठ, शेजारून जाणारी परदेशी जहाजं. टेहळणीला माझ्याबरोबर देवगडचा कदम असायचा. घरून आलेलं आंब्याचं साठ तो माझ्यासाठी खिशात लपवून आणायचा.

त्या दिवशी माणूस पाण्यात पडल्याचा सराव होता. माणसाएवढा पुतळा समुद्रात टाकतात. टेहळ्याने त्याच्याकडे हात धरून ठेवायचा, नजर हलवायची नाही — एवढंच काम. लाटांत एकदा हरवलेलं डोकं पुन्हा सापडत नाही. जहाज वळतं ते त्या हाताच्या भरवशावर.

आणि मी काय केलं? शेजारच्या परदेशी जहाजावरून एका खलाशाने टोपी हलवली. मी हसलो — आणि त्याच हाताने त्याला उत्तर दिलं. क्षणभरच. परत पाहिलं तर नुसतं पाणी. मी हात पुन्हा धरला. कुठे? कुठेतरी.

कदमचा हात दुसरीकडे होता. "सर, इकडे," तो साहेबांना म्हणाला. मी त्याच्याहून मोठ्याने ओरडलो, "मला दिसतोय, सर." तीक्ष्ण नजरेचा म्हणून माझंच नाव होतं. जहाज माझ्या बाजूला वळलं. पुतळा मिळाला नाही.

नंतर साहेबांनी विचारलं, नजर कोणाची हलली? "माझी नाही," मी म्हणालो. कदमने पुन्हा पाण्याकडे पाहिलं. मग म्हणाला, "माझी हलली असेल, सर."

माझा हलणारा हात त्याने पाहिलाच नव्हता. कसा पाहणार? त्याची नजर शेवटपर्यंत पुतळ्यावर होती.

"खरा माणूस असता तर रे?" संध्याकाळी त्याने मला विचारलं. मी त्याच्या पाठीवर हात ठेवला. हो — मी. पुढे त्याने टेहळणी सोडून भांडारात बदली मागून घेतली.

आता त्याची मुलगी इथेच, डेल्फ्टच्या विद्यापीठात शिकते. गेल्या महिन्यात तो आला होता. आम्ही तिघं समुद्रावर गेलो. इथेही आता युद्धाचे दिवस. लांबवर मित्रदेशांची करडी जहाजं सरावाला निघाली होती. आम्ही दोघं पुन्हा विशीतले झालो.

"पुढचं जहाज कुठलं रे?" त्याने विचारलं. "तूच सांग. माझ्या डोळ्यांचं काही खरं नाही."

मुलगी हसली. "काका, रस्ता ओलांडतानासुद्धा बाबा मला दोनदा विचारतात, गाडी येत नाही ना?"

तेव्हा सांगता आलं असतं. घाई नव्हती, आजूबाजूला परकं कुणी नव्हतं. मी म्हणालो, "वारा वाढलाय, चला."

निघताना स्टेशनवर तो मुलीला म्हणाला, "काही अडलं तर काकाला विचारत जा. हा चुकत नाही."

तिने माझ्याकडे पाहिलं. मी म्हणालो, "हो, केव्हाही विचार."