मॅटिनीहून आलेली आई

काल लेकीने मोबाईलवर एका जुन्या नटीची मुलाखत लावली. केस पिकलेत, आवाज मात्र तसाच घोगरा. आयुष्यभर तिने घर सोडणाऱ्या, खोटं बोलणाऱ्या, कुणाची माफी न मागणाऱ्या बायका रंगवल्या. तो आवाज ऐकला आणि मी थेट लहानपणीच्या, नवागाम वस्तीतल्या आमच्या खोलीत पोचले.

मी चौथीत होते. आई शेजारणीबरोबर त्याच नटीच्या सिनेमाच्या मॅटिनीला जाऊन आली होती. "चांगला नवरा, लेकरं, सगळं सोडून जाते हो ती, अन् रडतपण नाही," शेजारीण सांगत होती. भाकरी थापताना आईचा हात मध्येच थांबत होता. तेव्हापासून मी तिच्यावर नजर ठेवली.

दुसऱ्या दिवशी पप्पा कापडाच्या लूमवर कामाला गेले. आईने ठेवणीतली साडी नेसली, पिशवी घेतली आणि निघाली. मी शाळा बुडवून लपतछपत मागे गेले. पर्वत पाटियाच्या बाजारात ती एका साडीच्या दुकानात शिरली आणि बराच वेळ बाहेरच येईना. दारापर्यंत कोऱ्या कापडाचा उग्र वास येत होता.

शेवटी ती आली, काखेत लेस लावायच्या साड्यांचं गाठोडं घेऊन. घरबसल्या करायचं काम मिळवलं होतं तिने. मला बघून दचकलीच.

"माय, तू आमले सोडीसन चालनी का?" मी रडत विचारलं.

वाटलं, हसेल. तिने गाठोडं खाली ठेवलं, रस्त्याकडे पाहिलं आणि म्हणाली, "आज नही."

ती कधीच गेली नाही. तेव्हा मी त्यातलं 'नही' तेवढं ऐकलं होतं. आता मला 'आज' ऐकू येतं.