कच्ची मडकी

ब्रेक लागला नाही आणि मी सायकलसकट कुंभारणीच्या वाळत ठेवलेल्या मडक्यांत घुसले. शाहूपुरीच्या कुंभार गल्लीतली भर दुपार होती. मी बारा वर्षांची, शाळा चौथीत सुटलेली. भाऊ जेवून झोपला की त्याची सायकल काढायची, तांबटांच्या, चपला शिवणाऱ्यांच्या गल्ल्या हिंडायच्या आणि भडंग खायचं, हा माझा उद्योग.

बाई बाहेर आली. धिप्पाड, कोपरापर्यंत मातीने माखलेली. माझ्याकडे तिने पाहिलंच नाही. एक तुकडा उचलून त्याला थुंकी लावली आणि अंगठ्याने घासलं. कड विरघळली.

"नशीब तुझं. भाजलेली फोडली असतीस तर गल्लीभर हाणली असती. ही अजून माती हाय. भिजवून परत घडवता येतात."

"मग मी जाऊ?"

"कुठं जातीस? उद्या भट्टी लावायची हुती, ती आता चार दिस फुडं गेली. चिखल तुडव की."

परकर खोचून मी ऊन उतरेपर्यंत चिखल तुडवला. मध्येच तिने मला खर्डा-भाकरी दिली आणि माझी भडंगाची पुडी न विचारता संपवली. "तिखट कमी हाय," म्हणाली.

तिने मला माफ केलं, असं मी म्हणणार नाही. कामाला लावलं, आणि मला ते बरं वाटलं. निघताना पाय जड झाले होते, पोट भरलं होतं.

त्या धडकेतून मी, सायकल आणि भिंतीकडेचा एक रांजण, एवढेच धड राहिलो.