मेणाचा कान

माझी मुलगी सेरीना सोळा वर्षांची झाली आणि माझ्या श्रद्धेला धाप लागायला लागली. तिला ऑटिझम आहे. ती बोलत नाही. आम्हा वसईच्या ख्रिस्ती लोकांत दुखणं हाताबाहेर गेलं की मावलीच्या, म्हणजे मरियम मातेच्या, जत्रेत मेणाचा अवयव वाहतात. पाय दुखणाऱ्याने पाय, घर हवं असणाऱ्याने घर. मी मेणाचं तोंड वाहायचा नवस बोललो, आणि तेही सेरीनाच्या हातचं. जत्रेत तयार तोंडं मिळतात. ही जादा अट माझीच. ऑफिसात मी टेंडरं लिहितो, देवाला तरी कसा सोडीन?

आम्ही नोकरीपायी आखातात राहतो; बायको सुट्टीवर गावी जाताना ते नेणार होती. सेरीना अल गराफातल्या एका व्हिलात आर्ट थेरपीच्या वर्गाला जाते. रंगांत रमते, पण मऊ मेण बोटाला लागलं की हात झटकून थेट टेबलाखाली. मी हटलो नाही. दर शनिवारी अल थुमामाच्या घरून मेण घेऊन हजर. शिकवणाऱ्या गोव्याच्या मॅडमनी एकदा विचारलंच, "सर, नवस तिचा की तुमचा?" मी म्हटलं, "फॅमिलीचा."

बायकोच्या विमानाआधीच्या शेवटच्या शनिवारी मेण गाडीतच वितळलं. पार्किंगमध्ये सेरीनाला शेजारी उभं करून मी सीट खरवडत होतो आणि डोळे भरून आले होते. नातवाला घ्यायला आलेली एक अरब आजी थांबली. माझ्या मोडक्यातोडक्या अरबीतलं तिला एवढंच कळलं असावं: मुलगी, मेण, मरियम. मरियमचं नाव ऐकताच तिने तो गोळा माझ्या हातातून घेतला, "यल्ला" म्हणाली आणि आमच्यापुढे चालू लागली.

आत तिने मेण तळव्यांत मळलं, उघड्या हातावर सेरीनापुढे धरलं आणि चक्क खिडकीबाहेर बघत बसली. आग्रह नाही, काही नाही. बऱ्याच वेळाने सेरीनाने ते उचललं. मग माझ्याजवळ येऊन माझा कान धरला. मी "तोंड, बाळा, तोंड!" म्हणणार, तोच आजीने ओठांवर बोट ठेवलं. सेरीना एका हाताने माझ्या कानाची एकेक वळी चाचपत होती, दुसऱ्या हाताने मेण दाबत होती. मानेला रग लागली, नाक खाजलं, पण हललो नाही. इतकी वर्षं गुडघे टेकले, पण अशी शांतता प्रार्थनेतही लाभली नव्हती. कान पूर्ण झाला तेव्हा आजी नातवाला घेऊन निघून गेली होती. नाव विचारायचं राहिलं. पुन्हा दिसली नाही.

घरी मी कुरकुरलो, "नवस तोंडाचा होता. कान कुणाला कमी आहेत या घरात?"

बायको बॅग भरताना म्हणाली, "उत्तर हवंय, की नुसतंच विचारताय?"

कान मावलीच्या पायाशी पोचला. सेरीना अजून बोलत नाही. मात्र गाडीत ती बारीक आवाजात गुणगुणते. उड्डाणपूल चढताना सूर वेगळा, समुद्र दिसला की वेगळा. हे ती कधीपासून करते, ते मावलीच जाणे. मी रेडिओ लावून बसायचो. मागणं सुटलंय असं नाही, सवय वाईट. पण मागून झालं की थोडा वेळ गप्प बसतो, पलीकडून काय येतं ते बघतो. जे आलं ते माझ्या अटीत बसत नव्हतं, आणि तसं आलं याबद्दल मावलीचे उपकार फिटायचे नाहीत.

शनिवारचा वर्ग चालू आहे, चालूच राहील. परवा सेरीनाने मला पुन्हा खुर्चीत बसवलं आणि माझं नाक धरलं.

बसलो.