उलट्या बाजूने पाहिलेला सिनेमा

रेवदंड्याहून अलिबागला जाणाऱ्या रिक्षात माझी बॅग चढवताना बाबांनी शेवटचं विचारून घेतलं, "पिच्चर बगाचा पगार देतान? खरा सांग गो." मी हो म्हटलं, पण खात्री मलाही नव्हती. पुण्यात सिनेमाच्या अभ्यासक्रमासाठी मुलाखत होती. निवड झाली तर शिकायचं, नाहीतर परत येऊन आईबरोबर सुकी मासळी विकायची, असं ठरलं होतं. आईने भाकरीबरोबर सोडे, म्हणजे सुकवलेली कोलंबी, बांधून दिले. म्हणाली, "घाबरू नको. तू बगितलंस तेच सांग."

आमच्याकडे सिनेमा किनाऱ्यावर दाखवत. बोंबील वाळवायच्या बांबूंना पडदा बांधायचे. बायका मासळी आवरून येईपर्यंत पुढची वाळू पुरुषांनी भरलेली असे, म्हणून त्या पडद्यामागे बसायच्या आणि मी आईच्या मांडीवर. तिथूनही चित्र छान दिसे, फक्त डावं-उजवं उलटं. नावांची अक्षरंही उलटी, पण आईला वाचता येत नव्हतं, तिचं काय अडणार!

मुलाखतीत सरांनी आवडत्या सिनेमातला एक प्रसंग बारकाईने सांगायला लावला. मी धडाधड सांगितलं: होडी उजवीकडून येते, नायिका डावीकडे उभी, नायक डाव्या हाताने तिला पाणी देतो. त्यांनी तोच प्रसंग लावून दाखवला. सगळं नेमकं उलट! माझे कान तापले. संपलं म्हणून मी उठायलाच लागले, तर त्यांनी विचारलं, "तू बसली कुठे होतीस?" आईचं ऐकून, होतं ते सांगून टाकलं: पडद्यामागे. सर म्हणाले, "त्या बाजूने पाहिलेलं इथे कोणीच नाही. तू ये."

पुढे पडद्यामागच्या त्या बायकांवरच मी पीएचडी केली. आता ग्लासगोत शिकवते. लेक्चर, सेमिनार, पेपर, आणि सोडे भाजले की बोंबलणारा स्मोक अलार्म. गाव सोडलेल्या तुम्हा सगळ्यांना ठाऊक असेल, परत जाताना आपल्याला काहीतरी फेडायचं असतं.

गेल्या हिवाळ्यात मी प्रोजेक्टर आणि तोच जुना सिनेमा घेऊन गावी गेले. त्याच जागी आईची पांढरी चादर बांधली. पहिल्या रांगेत मधोमध खुर्ची टाकून तिला बसवलं. एकदा तरी तिने सरळ बाजूने पाहावं, एवढंच मला हवं होतं. होडीचा प्रसंग झाला आणि पाहते तर खुर्ची रिकामी. आई चादरीमागे वाळूत बसलेली.

"आई, पुढे चल ना."

"तिकडं तो उजव्या हातानं पानी देतं. तो आपला न्हाय गो. ये, बस."

मी चपला काढून बसले. घर कुठे, असं ग्लासगोत कोणी विचारलं की मी रेवदंडा म्हणते. खरं तर माझं घर तेवढंच, चादरीमागची हातभर वाळू. एवढी वर्षं मी नव्हते, तरी आईने ती माझ्यासाठी धरून ठेवली होती.