दारजींची दाढी

दारजींची पगडी बांधायला दोन माणसं लागत. एक स्वतः दारजी, दुसरा मी. एवढ्या लांब कापडाला सरळ घडी घालायची तर कोणालातरी दुसरं टोक ताणून धरावं लागतं. पंजाबात हे काम घरचं कोणी करतं. सौदीतल्या अबकैकच्या कॅम्पात ते माझ्या, म्हणजे गुहागरहून आलेल्या एका रिगरच्या गळ्यात पडलं. सकाळी डोळे चोळत मी व्हरांड्यात टोक धरून उभा राहायचो आणि ते ओरडायचे, "खींच, कोकणी! पतंग नहीं उड़ा रहा."

दारजी आमचे क्रेन ऑपरेटर. मी खाली माल क्रेनला अडकवून हाताने खुणा करायच्या, त्यांनी वर केबिनमध्ये बसून माल उचलायचा. कितीही घाई असो, ते माल वीतभर उचलून थांबायचे, खाली कोण आहे ते बघायचे आणि मगच पुढे. सुपरवायझर "यल्ला, यल्ला" करून घसा बसवून घ्यायचा. दारजी म्हणायचे, "नीचे आदमी खड़ा है जी, बोरी नहीं." असा माणूस वर असला की खालच्याचा जीव भांड्यात पडलेला असतो.

शुक्रवारी सुट्टी. खोलीचं दार लावून दारजी लंगर करायचे. बाहेर त्याचा गवगवा नसे. डाळ, रोट्या, खीर. रत्नागिरीचे मुसलमान, केरळी, बिहारी, सगळे डोकं झाकून जमिनीवर एका ओळीत. पहिल्या दिवशी मी रुमाल विसरलो आणि खुशाल सेफ्टी हेल्मेट घालून पंगतीला बसलो. सगळे खो खो हसले. दारजींनी मात्र चेहरा सरळ ठेवून वाढलं. रोटीसाठी मी एकच हात पुढे केला तेव्हा म्हणाले, "दोनों हाथ कर. होटल में नहीं बैठा."

मग ठेकेदाराचा नवा नियम आला. प्लांटमध्ये विषारी वायूची भीती असते, म्हणून ज्याच्या चेहऱ्यावर गॅस मास्क घट्ट बसेल त्यालाच आत सोडायचं. चाचणी साधी होती: मास्क लावायचा, बाहेरून कडू फवारा मारायचा, आत चव लागली की नापास. दारजींनी दाढीला व्हॅसलीन चोपडलं, जाळीत आवळून बांधली आणि आत गेले. तपासणाऱ्याने विचारलं. "कडवा लगा," दारजी म्हणाले.

मी बाहेर त्यांच्यावर उखडलो. "ना बोलने में आपका क्या जाता था?"

"गैस के आगे झूठ नहीं चलता, कोकणी. मैं ऊपर बेहोश हो गया तो माल किस पे गिरेगा?"

माल माझ्यावरच पडणार होता.

बाहेरच्या यार्डात त्यांना जागा मिळेना. दाढी काढा, नाहीतर खुरूज, म्हणजे कायमचं घरी जा. त्यांची मुलगी नर्सिंगच्या शेवटच्या वर्षाला होती. कॅम्पात कोणाला दिसायला नको म्हणून आम्ही थेट कतीफ शहरात गेलो. न्हावी पाकिस्तानातल्या सियालकोटचा निघाला. त्याने दारजींना खुर्चीवर बसवलं, कात्री हातात घेतली आणि परत ठेवली. "सरदारजी, मुझसे यह काम मत करवाओ." दोघं बराच वेळ पंजाबीत बोलत बसले, चहा प्यायले, आणि आम्ही तसेच परतलो. दुसऱ्या दिवशी दारजींनी बाथरूमचं दार आतून लावून स्वतःच दाढी काढली.

पगडी त्यांनी त्याच दिवशी सोडली. मी सवयीने व्हरांड्यात गेलो तर म्हणाले, "अब किस मुँह से बाँधूँ?" डोक्याला नुसतं फडकं गुंडाळायचे. शुक्रवारी रोट्या लाटायचे, पण वाढायला पुढे येत नसत. घरी फोन करताना कॅमेरा बंद ठेवायचे. फक्त बायकोला खरं सांगितलं होतं. मला त्या ठेकेदाराचा राग येई, वायूचा राग येई, आणि नियम चुकीचा नव्हता याचा सगळ्यात जास्त.

मुलीला नोकरी लागली त्याच महिन्यात दारजींनी राजीनामा दिला. दम्मामच्या विमानतळावर त्यांना एकच धास्ती होती, म्हाताऱ्या आईची. बीजींना मोतीबिंदूमुळे दिसत नव्हतं, ऐकूही कमी यायचं. आलेल्याचा चेहरा त्या हाताने चाचपून ओळखायच्या. दाढी वाढेपर्यंत दिल्लीतच राहावं असंही दारजींच्या मनात आलं होतं, पण बीजींचं वय बघता तेवढी वाट बघायचा धीर होईना.

दोन दिवसांनी त्यांचा फोन आला. बीजी काय म्हणाल्या, मी विचारलं.

"मुँह पे हाथ फेरा. फिर मेरी घरवाली से पूछने लगी, यह कौन आया है? मेरा पुत्त पीछे आ रहा है क्या?"

"फिर?"



"मैंने ही बोल दिया, हाँ बीजी, पीछे आ रहा है."