बाडहूव्हडॉर्पवरचं विमान

"चेलो बेसूर आहे," आमचा दिग्दर्शक रूबेन म्हणाला. "हानेकेला झालंय काय?"

मी नेदरलँड्समधल्या डेल्फ्टच्या एका स्टुडिओत सिनेमाचं मिक्सिंग करतो. संवाद, संगीत, बाकीचे आवाज वेगवेगळ्या ट्रॅकवर येतात, ते एकमेकांत नीट बसवायचे. हानेके आमची कंपोझर. पंपांचे, जहाजांसाठी उघडणाऱ्या पुलांचे असले आवाज रेकॉर्ड करून ती म्युझियमसाठीही काम करते. तिचा कान पक्का.

पण चेलो खरंच बेसूर होता. विमानतळाला लागून असलेल्या बाडहूव्हडॉर्प गावातल्या घरात मुलगी आईला घर विकल्याचं सांगते, तो सीन. सूर हळूहळू खाली घसरत जायचा. मी फाइलचा स्पीड तपासला. बरोबर. हानेकेकडून फाइल पुन्हा मागवली. तेच.

"माझ्याकडे सुरात वाजतोय," ती फोनवर म्हणाली.

एकच फाइल तिथे सुरात, इथे बेसूर. माझं डोकं चालेना. रूबेन दुसऱ्या कंपोझरची नावं काढू लागला.

हानेके लॅपटॉप घेऊन स्वतः आली. कोटही न काढता तिने मला विचारलं, "खरं सांग, माझे कान गेलेत का?" मी तिचा लॅपटॉप स्पीकरला जोडला. तिने तिच्याकडचा सीन लावला. सुरात. मग मी माझा लावला. तिने मध्येच थांबवलं.

"विमान कुठे गेलं?"

शूटिंगच्या वेळी घरावरून विमान गेलं होतं. संवाद ऐकू येईनात म्हणून रूबेनने तो आवाज काढायला सांगितला आणि मी सॉफ्टवेअरने साफ केला. हानेकेने मात्र जुन्या कॉपीवर काम केलं होतं. विमान लांब जाताना त्याचा सूर उतरतो. त्या उतरत्या सुराला तिने चेलो बांधला होता.

मी विमान परत आणलं. चेलो जागेवर बसला, पण आईचं शेवटचं वाक्य त्यात बुडालं.

"आई काय म्हणाली ते कळत नाही," रूबेन म्हणाला.

"मुलीलाही कुठे कळतंय?" हानेके म्हणाली.

रूबेनने सीन पुन्हा पाहिला. मग आणखी एकदा. "राहू दे विमान," एवढंच बोलून तो कॉफी आणायला गेला. हानेकेने तेव्हा कुठे कोट काढला.

प्रीमियरला माझी बायको कानाशी पुटपुटली, "अरे, हा आवाज काढायचा राहिला का?"

हल्ली काहीही साफ करण्याआधी मी कंपोझरला फोन करतो. बहुतेक जण म्हणतात, "काढ की, विचारतोस काय?" तरी विचारतो.