कारिनला भित्री माणसं लागायची

चित्रीकरणाला निघण्याआधी प्रत्येकानं आपल्याला कशाची भीती वाटते ते मोठ्यानं सांगायचं, ही कारिनची अट. पहिल्याच दिवशी नामपल्लीच्या हॉटेलसमोर आमचा ड्रायव्हर यादगिरी छाती फुगवून म्हणाला, "डर किसका, मॅडम?" तिनं त्याला घरी धाडलं. "ज्याला भीती नाही त्याच्या गाडीत मी बसत नाही." दुसऱ्या दिवशी तो कान पकडून आला, "बीवी से डरता मैं." तेव्हा घेतलं! मी तिची दुभाषी, जन्माची भित्री. तारनाक्याच्या घरात पाल दिसली तरी शेजाऱ्यांना हाका मारणारी. माझं सांगणं संपायचंच नाही.

जर्मनीत ती टीव्हीवरची लाडकी बाई. लहान मुलांच्या कार्यक्रमात वर्षानुवर्षं गाणी म्हटलेली. मग ते सोडून विषारी नद्यांवर, खचलेल्या खाणींवर माहितीपट काढू लागली. "गोड हसून हसून गाल दुखले," म्हणायची. आमचं दखनी बोलीतलं 'नक्को' तिनं उचललं होतं. चॅनेलच्या साहेबांनाही फोनवर तेच ऐकवायची.

शहराबाहेर एका रसायन कारखान्यामागे लक्ष्मम्मा राहायची. विहिरीचं पाणी तांबडं झालेलं, नवरा अंथरुणाला खिळलेला. ती कॅमेऱ्यासमोर चेहरा न झाकता बोलली. परतताना एका जीपगाडीनं आमची वाट अडवली. कारखान्याची माणसं काचेवर थापा मारू लागली, "कार्ड निकालो!" चित्रीकरणाचं कार्ड हाती लागलं तर बोललेली बाई कोण, ते त्यांना कळणार होतं. कारिननं कॅमेऱ्यातलं कार्ड काढलं, दातांत धरून मोडलं आणि तुकडे काचेच्या फटीतून बाहेर टाकले.

त्यांनी जाऊ दिलं. सगळं चित्रीकरण गेलं म्हणून चॅनेलनं मात्र तिला पुन्हा काम दिलं नाही. "बाई वाचली ना? मग झालं," एवढंच ती फोनवर म्हणायची.

वर्ष सरायच्या आत कारिन आजारपणात गेली. मी खूप रडले. मग धीर करून लक्ष्मम्माला सांगायला गेले. मी तोंड उघडण्याआधीच तिनं माझा हात धरला.

"अम्मा, पिक्चर टीव्हीवर कधी येणार? कारखान्याची माणसं परवा घरोघर विचारत होती, गोऱ्या बाईशी कोण बोललं म्हणून. मी सांगितलं, मीच बोलले. खोटं कशाला बोलू? सगळं जग मला बघणार म्हटल्यावर आता कोण हात लावतंय मला?"